दुसऱ्या डिस्ट्रोचं पॅकेज आपल्या लिनक्सवर: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

ओळखीतल्या लोकांची लिनक्स मशिन्स सांभाळणं हा माझा जोडधंदा आहे. दोन वकिलांची ऑफिसं, एका कॉलेजची लॅब, एक डीटीपीवाला आणि नातेवाईक मोजायचे नाहीत इतके. प्रश्न फिरून फिरून तेच येतात, म्हणून एकदाच लिहून ठेवतोय. डिस्ट्रो म्हणजे लिनक्सची एकेक तयार आवृत्ती: डेबियन, उबुंटू, फेडोरा वगैरे. पॅकेज म्हणजे सॉफ्टवेअर इन्स्टॉल करायची फाइल: डेबियन-उबुंटूची .डेब, फेडोरा-रेड हॅटची .आरपीएम. कमांड्स उच्चाराप्रमाणे देवनागरीत दिल्या आहेत. टर्मिनलमध्ये त्या अर्थातच रोमन अक्षरांत टाइप करायच्या.

माझ्याकडे उबुंटू आहे. हवं ते सॉफ्टवेअर साइटवर फक्त .आरपीएममध्ये मिळतंय. चालेल का?

प्रोग्राम बहुधा चालेल, पॅकेज चालणार नाही. हा फरक डोक्यात बसला की खालचे निम्मे प्रश्न पडतच नाहीत. आतला प्रोग्राम लिनक्ससाठीच बनलाय, तुमचा कर्नल (सिस्टीमचा गाभा) त्याला ओळखतो. पॅकेज मात्र म्हणजे नव्या जागी निघालेलं बिऱ्हाड. नळ कुठे असेल, गॅसची शेगडी कुठल्या ओट्यावर असेल, शेजारी कोण असतील, हे सगळं गृहीत धरून ते बांधलेलं असतं. फेडोराच्या घरासाठी बांधलेलं बिऱ्हाड उबुंटूच्या घरात उतरवलं की माणसं तीच राहतात, पण नळ सापडत नाही.

बाकी काही करण्याआधी पाच मिनिटं शोधा. माझ्याकडे येणाऱ्या तक्रारींपैकी बऱ्याच इथेच मिटतात. तीच गोष्ट तुमच्या डिस्ट्रोच्या रेपोमध्ये, म्हणजे तिच्या स्वतःच्या पॅकेज-भांडारात, वेगळ्या नावाने असते. डीटीपीवाल्या मित्राने एकदा लोहित देवनागरी फॉन्टचं आरपीएम उतरवलं आणि ते डेबमध्ये बदलायच्या खटपटीत अख्खी दुपार घालवली. फेडोरात त्या पॅकेजचं नाव 'लोहित-देवनागरी-फॉन्ट्स', डेबियन आणि उबुंटूत 'फॉन्ट्स-लोहित-देवा'. एपीटी (डेबियन-उबुंटूचा पॅकेज मॅनेजर) सर्चला 'लोहित' एवढं दिलं असतं तरी समोर आलं असतं. आणि फॉन्टला तर पॅकेजही लागत नाही, फाइल होम फोल्डरातल्या फॉन्ट्सच्या जागी टाकली की झालं.

रेपोत नसेल तर त्याच साइटवर खाली, बारीक अक्षरांत, 'इतर डाउनलोड' असं काही आहे का बघा. टारबॉल (फाइलींचं नुसतं गाठोडं) असेल तर तो घ्या. फ्लॅटपॅक (कुठल्याही डिस्ट्रोवर चालणारं पॅकेज) असेल तर तो घ्या. सोर्स मोकळा असेल तर डेबियनच्या पुढच्या आवृत्तीत ते पॅकेज आलंय का आणि बॅकपोर्ट्समध्ये (नवी पॅकेजेस चालू आवृत्तीसाठी बांधून ठेवतात त्या रेपोत) उतरलंय का, हेही बघा. यातलं काहीच नसेल तेव्हाच पुढचं वाचा.

दोन्हीकडे लिनक्सच आहे ना? मग पॅकेज वेगळं कशाला?

दोन घराण्यांनी एकाच काळात तोच प्रश्न आपापल्या पद्धतीने सोडवला म्हणून. डेबियन १९९३ साली इयन मर्डॉकने सुरू केलं आणि त्याच्याबरोबर डेब बसवणारं डीपीकेजी आलं. रेड हॅटने १९९५ साली आरपीएम आणलं. तेव्हा कुणाचं चुकलं असं नाही, पण फाटा तिथे फुटला तो फुटलाच.

डेब फाइल उघडून बघणं सोपं आहे. 'एआर' नावाच्या जुन्या अर्काइव्हमध्ये तीन गोष्टी असतात. पहिली एक चिमुकली टेक्स्ट फाइल, तिच्यात '२.०' एवढंच लिहिलेलं. दुसरं 'कंट्रोल' टार: पॅकेजचं नाव, डिपेंडन्सी (त्याला लागणारी इतर पॅकेजेस) आणि इन्स्टॉल करण्याआधी-नंतर चालणारी स्क्रिप्टं. तिसरं 'डेटा' टार, खऱ्या फाइली. आरपीएममध्येही जवळपास हाच माल असतो, पण हेडर स्वतःच्या बायनरी साच्यात आणि फाइली 'सीपीआयओ' अर्काइव्हमध्ये. डबा बदलणं म्हणूनच अजिबात अवघड नाही. अडतं ते डब्यावर लिहिलेल्या मजकुरापाशी.

पहिली अडचण नावांची. ओपनएसएसएलची लायब्ररी (अनेक प्रोग्राम वाटून वापरतात तो एन्क्रिप्शनचा कोड) फेडोरात 'ओपनएसएसएल-लिब्ज', डेबियन १२ मध्ये 'लिबएसएसएल३'. डेव्हलपमेंटच्या फाइलींना एकीकडे 'डेव्हेल', दुसरीकडे 'डेव्ह'. वेब सर्व्हरला इकडे 'अपाची२' म्हणतात, तिकडे 'एचटीटीपीडी'. फार काय, प्रोसेसरच्या नावावरही एकमत नाही: तुमचं साधं ६४ बिटचं मशिन डेबियनला 'एएमडी६४' आणि फेडोराला 'एक्स८६_६४'. इंटेलचा प्रोसेसर असूनही 'एएमडी६४' डाउनलोड करायला सांगताय, चुकीचं तर नाही ना, असा फोन मला वर्षातून दोनदा तरी येतो. चुकीचं नाही.

दुसरी अडचण जागांची. फेडोरा ६४ बिटच्या लायब्ऱ्या यूएसआरमधल्या 'लिब६४' फोल्डरात ठेवतं. डेबियन 'लिब'च्या आत प्रोसेसरच्या नावाचा वेगळा फोल्डर करून त्यात ठेवतं, कारण त्यांना एकाच मशिनवर अनेक प्रकारच्या लायब्ऱ्या शेजारी-शेजारी नांदवायच्या होत्या.

तिसरी अडचण, आणि सगळ्यात वाईट, स्क्रिप्टांची. डेबियनच्या पॅकेजमधलं स्क्रिप्ट नवा युजर करायला 'ॲडयूजर' बोलावतं. फेडोरातही 'ॲडयूजर' आहे! पण ते 'यूजरॲड'चंच दुसरं नाव आहे आणि त्याचे पर्याय निराळे. नाव एक, गाव वेगळं. स्क्रिप्ट अर्ध्यावर आपटतं आणि पॅकेज ना धड आत ना धड बाहेर असं लटकतं.

आरपीएम ही कमांड डेबियनवरही मिळते की. तिनेच सरळ टाकलं तर?

करून बघा, डेबियन स्वतःच हटकेल. या कमांडने थेट पॅकेज टाकू नका, एलियन वापरा, असा निरोप खास त्यासाठीच घालून ठेवलाय. कारण साधं आहे. आरपीएम आपल्या वहीत बघून ठरवतं की काय इन्स्टॉल आहे, आणि तुमच्या डेबियनवर ती वही कोरी आहे. त्याच्या लेखी तुमच्या मशिनवर सी लायब्ररीसुद्धा नाही. जबरदस्ती करून टाकलंत तर एका घरात दोन हिशेबनीस होतात आणि दोघांना एकमेकांचा पत्ता नसतो. डेबियनवर ही कमांड ठेवायची ती पॅकेजमध्ये काय आहे ते बघायला.

मग हे एलियन काय आहे? वापरू का?

एलियन हे पॅकेजचा डबा बदलणारं जुनं हत्यार. बरीच वर्षं ते जोई हेसने सांभाळलं. आरपीएमचं डेब, डेबचं आरपीएम, शिवाय स्लॅकवेअरचे टारबॉल वगैरे. एकेकाळी त्याला मोठा मान होता. 'लिनक्स स्टँडर्ड बेस' नावाच्या प्रमाणात पॅकेजसाठी आरपीएम ठरलं होतं, आणि डेबियन ती अट एलियनच्या भरवशावर पुरी करत असे. २०१५ मध्ये डेबियनने त्या प्रमाणाचा नाद जवळजवळ सोडला. एलियन मात्र राहिलं.

वापरा, पण कशासाठी ते बघून. एखादा सुटा प्रोग्राम, जो सगळा 'ऑप्ट' फोल्डरात राहतो आणि स्वतःच्या लायब्ऱ्या स्वतः घेऊन फिरतो, त्याला चालेल. फॉन्ट, डिक्शनरी, कागदपत्रं, उत्तम. सिस्टीमच्या पोटातलं काहीही, म्हणजे सी लायब्ररी, सिस्टमडी, लॉगिनशी संबंधित काही, चुकूनही नाही. एलियनच्या मॅन्युअलमध्येही हे स्पष्ट लिहिलंय, आणि हत्याराच्या कर्त्यानेच हात राखून वापरा म्हटलं असेल तर ऐकावं.

दोन गोष्टी ठाऊक असू द्या. एक, मूळ पॅकेजची डिपेंडन्सीची यादी एलियन जशीच्या तशी आणत नाही. आणणार तरी कशी, नावंच वेगळी. त्यामुळे इन्स्टॉल बिनतक्रार होतं आणि भांडण पहिल्यांदा चालवताना सुरू होतं. दोन, इन्स्टॉलच्या वेळची स्क्रिप्टं ते सहसा वगळतं. हवी असतील तर 'स्क्रिप्ट्स' हा पर्याय वेगळा द्यावा लागतो. तो देण्याआधी स्क्रिप्ट उघडून वाचा. रूटच्या, म्हणजे मशिनच्या सर्वाधिकाऱ्याच्या, अधिकाराने चालणार आहे ते.

एलियनने केलं, इन्स्टॉलही झालं. पण चालवलं की 'अशी फाइल नाही' म्हणतं. फाइल तर समोर दिसतेय!

या एका एररने माझी एक अख्खी संध्याकाळ खाल्ली आहे, म्हणून सविस्तर सांगतो.

वकिलांच्या ऑफिसात जुना लेझर प्रिंटर. ड्रायव्हर आरपीएममध्ये, प्रोसेसरच्या खात्यात '३२ बिट' असं लिहिलेलं, ते मी वाचलं आणि सोडून दिलं. एलियनने डेब केलं, टाकलं, प्रिंटर यादीत दिसला. टेस्ट पेज पाठवलं तर 'फिल्टर फेल्ड'. वकीलसाहेब शेजारी उभे, दुसऱ्या दिवशी तारीख, चाळीस पानांचं वकीलपत्र आणि जोडपत्रं छापायची. फिल्टरचा प्रोग्राम टर्मिनलमधून हाताने चालवला तर शेल म्हणतो, नो सच फाइल. फाइलींची यादी देणारं एलएस केलं तर फाइल तिथेच. परवानग्या बरोबर. नाव बरोबर. मी नाव तीनदा कॉपी-पेस्ट केलं.

शेल खोटं बोलत नव्हता, फक्त कुठली फाइल नाही ते सांगत नव्हता. बहुतेक प्रोग्रामांच्या पोटात एक पत्ता लिहिलेला असतो: मला सुरू करायला अमुक लोडर बोलवा. ३२ बिट प्रोग्रामला ३२ बिटचा लोडर लागतो. तो त्या ६४ बिट मशिनवर नव्हताच. 'नाही' होता तो लोडर, आणि मी शोधत होतो प्रोग्राम.

तपासायची रीत: 'फाइल' ही कमांड त्या प्रोग्रामवर चालवा, ३२ की ६४ ते आणि लोडरचा पत्ता ती सांगते. ३२ निघालं तर डीपीकेजीला 'ॲड-आर्किटेक्चर' देऊन 'आय३८६' जोडा, एपीटी अपडेट करा, मग सी लायब्ररीचं आय३८६ रूप टाका. त्यानंतर 'एलडीडी' चालवा. प्रोग्रामला लागणाऱ्या लायब्ऱ्यांची यादी येते आणि ज्यांच्यापुढे 'नॉट फाउंड' आहे त्या एकेक करून भराव्या लागतात. माझ्या त्या ड्रायव्हरला अशा चार लागल्या. पानं रात्री साडेनवाला छापून झाली.

'नॉट फाउंड' लायब्ररी पॅकेजबरोबर आली असून सापडत नसेल, तर ती 'लिब६४'मध्ये पडली असणार. डेबियनचा लोडर तिथे आपणहून पाहत नाही. ईटीसीमधल्या 'एलडी डॉट एसओ डॉट कॉन्फ डॉट डी' फोल्डरात एक छोटी फाइल करून त्या जागेचा पत्ता लिहा आणि 'एलडीकॉन्फिग' चालवा. लायब्ररी उचलून सिस्टीमच्या लायब्ऱ्यांत नेऊन टाकू नका. आज चालेल, पुढच्या अपडेटला कुणाची कुठली ते कळणार नाही.

'जीलिबसी २.३८ नॉट फाउंड' असं येतंय. ती लायब्ररी नवी टाकू का?

नाही. नाही म्हणजे नाही. जीलिबसी म्हणजे वर आलेली सी लायब्ररी, सगळ्या सिस्टीमच्या खालचा पाया. तो बदलायला गेलात आणि मधेच काही चुकलं, तर एलएससुद्धा चालणार नाही आणि दुरुस्त करायला लागणारी कमांडही नाही.

नियम एकतर्फी आहे. जुन्या जीलिबसीवर बांधलेला प्रोग्राम नव्यावर चालतो, नव्यावर बांधलेला जुन्यावर चालेलच असं नाही. डेबियन ११ आणि उबुंटू २०.०४ मध्ये २.३१ आहे. उबुंटू २२.०४ मध्ये २.३५, डेबियन १२ मध्ये २.३६, उबुंटू २४.०४ मध्ये २.३९, डेबियन १३ मध्ये २.४१. रेड हॅट एंटरप्राइझ ८ मध्ये २.२८ आणि ९ मध्ये २.३४. आता तुम्हीच जुळवून बघा: रेड हॅट ८ साठी बांधलेलं आरपीएम या यादीतल्या कुठल्याही डेबियनवर निदान जीलिबसीपाशी तरी अडणार नाही. उबुंटू २४.०४ वर बांधलेलं डेब मात्र डेबियन १२ वर अडू शकतं, दोन्ही डेब असून. साइटवर तेच सॉफ्टवेअर अनेक रूपांत असेल तर सगळ्यात जुन्या डिस्ट्रोसाठीचं उतरवा. लोक हौसेने सगळ्यात नवं उतरवतात.

आणि 'लिबएसएसएल १.१' मागतंय. जुन्या उबुंटूच्या अर्काइव्हमधून ती आणून टाकली, चाललं. बरोबर केलं ना?

चाललं हे खरं. पण ओपनएसएसएल १.१.१ चा सर्वांसाठीचा आधार सप्टेंबर २०२३ मध्ये संपला. म्हणजे तुम्ही दाराला एक जुनं कुलूप लावलंत ज्याच्या किल्ल्या आता कुणी बदलून देत नाही. ऑफलाइन चालणारं काही असेल तर हरकत नाही. त्या प्रोग्रामने नेटवर पासवर्ड पाठवायचे असतील तर मी असं करणार नाही, खाली सांगितलेल्या डिस्ट्रोबॉक्समध्येही नाही.

उबुंटूचं डेब डेबियनवर तर चालायलाच हवं. दोन्हीकडे एपीटी आहे.

बरेचदा चालतं, आणि म्हणूनच लोक फसतात. एक नमुना बघा. उबुंटूने २१.१० पासून डेबच्या आतल्या टार फाइली झेडस्टँडर्ड पद्धतीने दाबायला सुरुवात केली. डेबियन ११ च्या डीपीकेजीला ती पद्धत येत नाही. तिथे तसं डेब टाकलं की 'अननोन कॉम्प्रेशन' म्हणून हात वर. पॅकेज खराब नाही, डाउनलोड अर्धवट नाही, फक्त भाषा कळली नाही. डेबियन १२ ला ती कळते.

त्याहून घातक सवय म्हणजे डेबियनच्या सोर्स लिस्टमध्ये उबुंटूचा पीपीए (कुणीतरी उबुंटूसाठी चालवलेला खासगी रेपो) जोडणं. एक सुटं डेब टाकलं तर नुकसान त्या एका पॅकेजपुरतं. अख्खा पीपीए जोडला की पुढच्या प्रत्येक अपग्रेडला एपीटी दोन्ही घरचं सामान एकत्र कालवायला लागतं. डेबियनवाले अशा मशिनला 'फ्रँकनडेबियन' म्हणतात. कॉलेजच्या लॅबमध्ये मी असं एक मशिन दुरुस्त करायला बसलो आणि शेवटी होम फोल्डरचा बॅकअप घेऊन पुसून टाकलं. त्यात कमी वेळ गेला.

सी-डॅकचं 'बॉस' लिनक्स वापरणाऱ्यांसाठी: तेही डेबियनवरच बेतलेलं आहे, त्यामुळे हाच नियम. तुमची बॉसची आवृत्ती डेबियनच्या कुठल्या आवृत्तीवर उभी आहे ते आधी बघा आणि त्या डेबियनसाठीचं डेब शोधा.

एक बारीक गोष्ट, कारण ही रोज विचारली जाते. उतरवलेलं डेब एपीटीने टाकताना फाइलच्या नावाआधी टिंब आणि तिरकी रेघ द्यावी लागते. नाहीतर एपीटी ते नाव रेपोत शोधतं आणि 'सापडलं नाही' म्हणतं. डीपीकेजीने टाकलंत तर डिपेंडन्सी आपोआप येत नाहीत, मग 'फिक्स-ब्रोकन' करत बसा. एपीटीनेच टाका.

माझ्याकडे फेडोरा आहे आणि सॉफ्टवेअर फक्त डेबमध्ये. उलट्या दिशेने एलियन चालेल?

चालेल, पण एक ठराविक ठेच लागेल. एलियनने केलेलं आरपीएम 'यूएसआर', 'यूएसआर बिन' असे फोल्डरसुद्धा आपलेच म्हणून नोंदवतं. फेडोरात ते 'फाइलसिस्टीम' नावाच्या पॅकेजच्या मालकीचे. दोघांचं जुळत नाही आणि इन्स्टॉल 'कॉन्फ्लिक्ट्स विथ' म्हणून थांबतं. 'फोर्स' लावू नका. एलियनला 'जनरेट' पर्याय दिला की ते पॅकेज न बांधता कच्चा फोल्डर आणि स्पेक फाइल (आरपीएम कसं बांधायचं त्याची कृती) देतं. स्पेकमधून त्या फोल्डरांच्या ओळी काढा आणि आरपीएमबिल्डने बांधा.

खरं सांगायचं तर फेडोरावर मी इतकं करत नाही. डेब एआरने उघडतो, डेटा टार एका बाजूच्या फोल्डरात सोडतो, आत काय आहे बघतो. सगळं 'ऑप्ट'मध्ये असेल तर तो फोल्डर तसाच उचलून ऑप्टमध्ये ठेवतो, मेन्यूसाठी डेस्कटॉप फाइल हाताने लिहितो. पॅकेज मॅनेजरला यातलं काही कळत नाही, त्यामुळे त्याचं काही बिघडतही नाही.

मग तुम्ही स्वतः साधारणपणे काय करता?

डिस्ट्रोबॉक्स. वरचं एवढं वाचायला लावून हे आता सांगतोय याबद्दल माफी, पण वरचं कळल्याशिवाय हे का चांगलं ते पटत नाही.

बिऱ्हाडाला तुमच्या घरात नळ सापडत नाही ना, मग त्याला त्याचं घरच आणून द्या. डिस्ट्रोबॉक्स पॉडमन किंवा डॉकर या कंटेनर चालवणाऱ्या हत्यारांच्या मदतीने तुमच्या डेबियनच्या आत एक छोटं फेडोरा उभं करतं. त्याच्या लायब्ऱ्या त्याच्या, जीलिबसी त्याची, पॅकेज मॅनेजर त्याचा. कर्नल मात्र तुमचाच. हे जमतं कारण लिनक्सचा कर्नल जुन्या प्रोग्रामांशी दिलेला शब्द मोडत नाही. लायनस टॉरवाल्ड्स त्या नियमाबाबत किती कडक आहे ते सर्वश्रुत आहे. वरच्या लायब्ऱ्या कितीही बदलोत, खालचा दरवाजा तोच राहतो.

काम असं होतं. एपीटीने डिस्ट्रोबॉक्स आणि पॉडमन टाका. 'डिस्ट्रोबॉक्स क्रिएट'ला फेडोराची इमेज आणि एक नाव द्या, मी कामावरून नाव देतो, 'हिशेब' वगैरे. 'डिस्ट्रोबॉक्स एंटर' केलं की प्रॉम्प्ट बदलतो, तुम्ही फेडोरात आहात. पहिल्यांदा आत शिरताना बराच वेळ लागतो, तेव्हा खिडकी बंद करू नका. आत डीएनएफने (फेडोराच्या पॅकेज मॅनेजरने) ते आरपीएम टाका, सगळ्या डिपेंडन्सी फेडोराच्याच रेपोतून सरळ येतात, एलियन नाही, एलडीडी नाही. मग आतूनच 'डिस्ट्रोबॉक्स-एक्स्पोर्ट'ला ॲपचं नाव द्या. ते तुमच्या नेहमीच्या मेन्यूत येऊन बसतं. वकीलसाहेबांना ते फेडोरातून चालतंय हे माहीतही नाही, आणि माहीत असायचं कारणही नाही.

होम फोल्डर दोन्हीकडे एकच असतो, त्यामुळे फाइली इकडून तिकडे न्याव्या लागत नाहीत. पण याचाच दुसरा अर्थ असा की डिस्ट्रोबॉक्स म्हणजे तुरुंग नव्हे. ज्या प्रोग्रामवर भरवसा नाही तो आत ठेवला म्हणून तुमच्या फाइली सुरक्षित राहत नाहीत. जागाही जाते, दर वेगळ्या डिस्ट्रोमागे काहीशे एमबी तरी. लॅबमधल्या ६४ जीबीच्या जुन्या एसएसडीवर मी हात आखडता घेतो. आणि आतलं फेडोरा आपोआप अपडेट होत नाही, 'डिस्ट्रोबॉक्स अपग्रेड' आठवणीने करावं लागतं.

फ्लॅटपॅक, स्नॅप, ॲपइमेज?

तिन्ही कुठल्याही डिस्ट्रोवर चालावीत म्हणून बनलेली पॅकेजेस. मिळत असेल तर यातलं काहीही एलियनपेक्षा बरं. फ्लॅटपॅक मला सगळ्यात कमी त्रास देतं. ॲपइमेज डबल-क्लिक करून काहीच झालं नाही तर आधी फाइलला चालवायची परवानगी द्या, उबुंटू २२.०४ किंवा पुढचं असेल तर 'लिबफ्यूज२' नसल्याची शक्यता मोठी. २४.०४ मध्ये त्या पॅकेजच्या नावाला शेवटी 'टी६४' जोडलंय. मात्र 'फ्यूज' नावाचं जुनं पॅकेज टाकायला जाऊ नका, लायब्ररीपुरतंच बघा.

सीए आणि वकील मंडळींसाठी एक इशारा. डिजिटल सहीच्या यूएसबी टोकनची लायब्ररी ब्राउझरच्या आत शिरून काम करते. ब्राउझर फ्लॅटपॅक किंवा स्नॅपमधला असेल तर त्याला सिस्टीमवर टाकलेली लायब्ररी दिसतच नाही, मग ड्रायव्हरचं पॅकेज कितीही नीट बसवा. अशा मशिनवर ब्राउझर साध्या डेब किंवा आरपीएममधलाच ठेवा.

आर्च आणि अल्पाइनवर?

आर्चवाल्यांनी एयूआर (वापरणाऱ्यांनीच चालवलेलं आर्चचं पॅकेज-भांडार) आधी बघावं. तिथली कित्येक पॅकेजेस आतून हेच करतात, कंपनीचं डेब उतरवतात, डेटा टार सोडतात आणि आर्चच्या पद्धतीने नोंदवतात. तुमच्या आधी कुणीतरी ठेचा खाल्लेल्या आहेत.

अल्पाइनचं वेगळं. तिथे जीलिबसीच नाही, 'मसल' नावाची दुसरी सी लायब्ररी आहे. डबा बदलून काही होणार नाही. 'जीकॉम्पॅट' काही किरकोळ प्रोग्रामांना पुरतं, बाकीच्यांना कंटेनर.

फ्रीबीएसडीवर लिनक्सचं आरपीएम? तिथे तर कर्नलही वेगळा.

फ्रीबीएसडी ही लिनक्सहून वेगळी, युनिक्स घराण्यातली सिस्टीम. आणि तरी चालतं, हीच तर गंमत. फ्रीबीएसडीत लिनक्सचे प्रोग्राम चालवायची सोय १९९० च्या दशकापासून आहे. लोक तिला 'लिनक्सुलेटर' म्हणतात, पण हे एम्युलेटर नव्हे. लिनक्सच्या प्रोग्रामने कर्नलकडे काही मागितलं की फ्रीबीएसडीचा कर्नल ती मागणी ओळखून स्वतःच पुरी करतो. मधे खोटं मशिन वगैरे काही उभं राहत नाही, म्हणून वेगही जात नाही.

लायब्ऱ्या मात्र लिनक्सच्याच हव्यात. त्यासाठी 'लिनक्स' ही सर्व्हिस सुरू करायची आणि पीकेजीने (फ्रीबीएसडीच्या पॅकेज मॅनेजरने) 'लिनक्स-बेस'चं आरएल९ पॅकेज टाकायचं. ते म्हणजे रॉकी लिनक्स ९ च्या लायब्ऱ्या, 'कॉम्पॅट' फोल्डरातल्या 'लिनक्स'मध्ये मांडलेल्या. जुन्या लेखांत 'सी७' दिसेल, ते सेंटओएस ७ वर होतं आणि सेंटओएस ७ चा आधार जून २०२४ मध्ये संपला, म्हणून आरएल९ च घ्या. उबुंटूचं घर हवं असेल तर डीबूटस्ट्रॅपने तेही वेगळ्या फोल्डरात उभं करता येतं. आरपीएम उघडायला वेगळं काही लागत नाही, फ्रीबीएसडीचं टार आरपीएम थेट सोडवतं. पहिल्यांदा हे बघितलं तेव्हा मला उगाचच लिनक्सची लाज वाटली. ओपनबीएसडीवर हा मार्ग बंद आहे, त्यांनी २०१६ मध्ये ही सोयच काढून टाकली.

पॅकेजमध्ये कर्नलचा ड्रायव्हर असेल तर?

तर वरचं एकही उत्तर लागू नाही. एलियन नाही, डिस्ट्रोबॉक्स नाही, लिनक्सुलेटर नाही. ड्रायव्हरचं मॉड्यूल त्या-त्या कर्नलसाठीच बांधावं लागतं. सोर्स असेल तर डीकेएमएसने (दर नव्या कर्नलसाठी मॉड्यूल पुन्हा बांधणाऱ्या हत्याराने) बांधा. नसेल तर ते हार्डवेअर परत करा, बिल सांभाळून ठेवलं असेल तर.

असं बाहेरून आणलेलं पॅकेज सुरक्षित असतं का?

एरवी तुम्हाला कळतही नाही, पण एपीटी रेपोच्या यादीवरची सही तपासतं आणि त्या यादीवरून प्रत्येक पॅकेजची खातरजमा करतं. आरपीएममध्ये सही सहसा पॅकेजवरच असते. साइटवरून सुटं उतरवलेल्या डेबला यातलं काही नसतं, आणि एलियनने बदललेल्या आरपीएमची सही बदलतानाच गळून पडते. म्हणून बदलायच्या आधी, ते अजून आरपीएम असतानाच, त्याची सही तपासा. शिवाय असं पॅकेज अपडेट होत नाही. मी एक साधी टेक्स्ट फाइल ठेवतो: तारीख, पॅकेजचं नाव, कुठून आणलं, कुणासाठी. दर दोन महिन्यांनी ती उघडून नव्या आवृत्त्या बघतो.

सगळं बिघडलंय. काढू कसं?

एलियनने केलेलं डेब हे शेवटी डेबच आहे, एपीटी रिमूव्हला त्याचं नाव द्या. नाव आठवत नसेल तर डीपीकेजीच्या लॉगमध्ये तारखेवरून सापडतं, तो व्हार फोल्डरातल्या लॉगमध्ये असतो. काढतानाच स्क्रिप्ट आपटत असेल तर डीपीकेजीच्या 'इन्फो' फोल्डरात त्या पॅकेजच्या नावाने असलेलं 'प्रीआरएम' किंवा 'पोस्टआरएम' स्क्रिप्ट उघडा, आपटणारी ओळ बंद करा आणि परत काढा. फोल्डरातली बाकीची नावं बघायची, हात लावायचा नाही. हाताने ऑप्टमध्ये ठेवलेलं असेल तर फोल्डर पुसा, डेस्कटॉप फाइल पुसा. डिस्ट्रोबॉक्समधलं असेल तर आधी एक्स्पोर्ट मागे घ्या, मग 'डिस्ट्रोबॉक्स आरएम'. हा क्रम उलटा केलात तर मेन्यूत एक मेलेला आयकॉन राहू शकतो, आणि त्याच्यावर रोज कुणीतरी क्लिक करून तुम्हाला फोन करतं.